पंच

शाळेत असताना दर वर्षी जून महिन्यात निबंधाचा विषय ठरलेला असे : ‘मी उन्हाळ्याची सुट्टी कशी घालवली’. आमच्या वाडीतली मुले सुट्टीत राब भाजीत, गुरे राखीत आणि करवंदांच्या जाळ्यांत हातपाय ओरबाडून घेत. पण निबंधात आम्ही सगळे मामाच्या गावाला जात असू, आणि तेही आगगाडीने. गुरुजींना तेच आवडे. दहापैकी सात गुण मिळत. माझा मामा वास्तविक शेजारच्याच वाडीत राहतो. तिथे जायला एक ओढा ओलांडावा लागतो, एवढाच प्रवास.

आता मी द्वितीय वर्ष कलाच्या वर्गात आहे आणि गुण देणारे कोणी नाही. तेव्हा गेल्या दोन उन्हाळ्यांत मी काय केले ते सरळ लिहून टाकतो. मी पंच केला.

पंच म्हणजे ग्रामपंचायतीतले नव्हेत. फळांचे तुकडे, त्यांचा रस, साखर, लिंबू, वासाचा एखादा पाला आणि या सगळ्यांत ओतलेली वाइन, असे एक थंडगार पेय असते. त्याला पंच म्हणतात. वाइनचे नाव वाचून काहींनी भुवया उंचावल्या असतील. त्यांना एवढेच सांगतो, की मी ते पेय केले आहे, प्यालेलो नाही. एकोणीस वर्षांच्या मुलाने वाइन पिण्याला आपल्या राज्यातला कायदाही परवानगी देत नाही. त्यासाठी एकवीस पुरी व्हावी लागतात. आणि कायद्याच्याही आधी घरी आजी आहे.

आमची वाडी कामशेतपासून दीड कोसावर, नाणे मावळात. कामशेत म्हणजे आमची मुंबई. भात विकायचे, औषध आणायचे, दाखला काढायचा, लोकल पकडायची, सगळे तिथेच. लोहमार्गाच्या उत्तरेला आमचे नाणे मावळ आणि दक्षिणेला खिंड ओलांडली की पवन मावळ. त्या खिंडीच्या रस्त्याने पवनानगरकडे जाताना उजव्या हाताला बेडशाची लेणी राहतात आणि मग एकदम धरणाचे पाणी समोर येते. धरणासाठी ज्यांच्या जमिनी गेल्या त्यांची नातवंडे आज त्याच पाण्याच्या काठी तंबू भाड्याने देतात. शनिवार-रविवारी मुंबई-पुण्याच्या गाड्यांची रांग लागते. कामशेतच्या डोंगरांवरून माणसे पाठीला रंगीत छत्र बांधून हवेत उड्या घेतात. लहानपणी आम्हांला वाटे, यांचे कोणी रागावून निघून चालले आहे.

पहिले वर्ष संपल्यावर फी आणि पासाच्या पैशांसाठी मी पाण्याच्या काठच्या एका बंगल्यावर कामाला लागलो. बंगल्याचे नाव सांगण्यात अर्थ नाही. चारशे रुपये रोज, दोन वेळचे जेवण. भांडी विसळणे, भाजी चिरणे, गाड्यांतले सामान उतरवणे ही कामे. स्वयंपाकघर एका पन्नाशीच्या आचाऱ्यांच्या ताब्यात होते. त्यांना लहानथोर सगळे ‘मामा’ म्हणत. म्हणजे निबंधातला मामाचा गाव मला अखेर मिळाला.

एके दिवशी मुंबईच्या पाहुण्यांपैकी एक बाई स्वयंपाकघरात आल्या. त्यांनी परदेशात कुठे तरी हे पेय प्यायले होते आणि त्यांना ते इथे हवे होते. त्यांच्याजवळ संत्री, सफरचंदे आणि तांबड्या वाइनच्या बाटल्या होत्या. त्यांनी मामांना कृती सांगितली, मामांनी ती मला सांगितली. फळे चिरायची, वाइनमध्ये चार तास भिजत घालायची, साखरेचा पाक, लिंबू, पुदिना. आणि सोडा अगदी शेवटी, नाही तर त्याचे फसफसणे पाहुण्यांच्या आधीच झोपी जाते. मी तसे केले. पाहुणे बरे आहे म्हणाले. पण मे महिन्यात मावळात बसून पेटीतली सफरचंदे चिरताना मला ते काही पटेना. बंगल्याच्या मागच्या डोंगरावर करवंदांच्या जाळ्या लाल-काळ्या होऊन ओणवल्या होत्या.

मामांना म्हटले, “मामा, करवंदं घालू का?”

“चीक असतो त्यात. ओठ चिकटतील शेटच्या बायकांचे.”

“चीक मी काढतो.”

करवंदाचा चीक काढणे हे आम्हांला कोणी शिकवावे लागत नाही. ठाकर-कातकरी बाया पानाच्या द्रोणांत करवंदे भरून कामशेतच्या बाजारात आणि घाटातल्या वळणांवर विकतात. त्यांतली काही करवंदे आम्हीच काढून दिलेली असत. घरी आणली की मिठाच्या पाण्यात घालून ठेवायची. मग जाड बुडाच्या जुन्या पातेल्यात थोड्या पाण्यावर एक उकळी द्यायची आणि फडक्यातून गाळून घ्यायची. चीक पातेल्याच्या कडेला आणि फडक्याला धरतो; खाली उतरतो तो रस रंगाला असा की कुंकू कालवल्यासारखा. (भांडे घासताना मात्र आईची बोलणी खावी लागतात.) लहानपणी आम्ही करवंद दाताने फोडून ‘कोंबडा की कोंबडी’ खेळत असू : आत लाल निघाले तर कोंबडा, फिके निघाले तर कोंबडी. बंगल्याच्या ओट्याशी बसून मी आणि भांडीवाली ताई तोच खेळ खेळलो आणि अर्धा किलोतली पावभर करवंदे त्यातच संपली.

वीस मेनंतर जांभळे आली. जांभूळ तुरट, आणि तांबडी वाइनही तुरट असते, असे मामा म्हणाले. दोन तुरट एका भांड्यात नांदत नाहीत. म्हणून आम्ही पांढरी वाइन घेतली आणि रंगाचे काम करवंद-जांभळांवर सोपवले. शेवटी सोळा माणसांसाठी बसवलेले प्रमाण असे : पांढऱ्या वाइनच्या दोन बाटल्या, म्हणजे दीड लिटर, करवंदांचा गाळलेला रस दोन वाट्या, जांभळे मिठाच्या हाताने चोळून काढलेला गर एक वाटी, दोन पायरी आंब्यांच्या फोडी, सहा लिंबे, साखरेचा पाक चवीप्रमाणे, गवती चहाची चार पाती उकळून गार केलेले पाणी, आणि सोडा. पुदिना चुरगळायचा नाही, तळहातावर ठेवून नुसता एक टाळी द्यायची. चुरगळला की कडवट होतो. बर्फाचे बारीक खडे टाळायचे. मी रात्रीच डब्याच्या आकाराचा मोठा बर्फ जमवून ठेवी, कारण तेवढ्याच वजनाच्या खड्यांपेक्षा मोठ्या ढेपेचा पृष्ठभाग कमी असतो, ती सावकाश वितळते आणि पेय पाणचट होत नाही. अकरावीला मी शास्त्र शाखा घेणार होतो. ती घेतली नाही, पण एवढे शास्त्र उपयोगी पडले.

वाइन ओतेपर्यंतची चव मी घेत असे. ओतल्यानंतर मामा. लग्नघरच्या आचाऱ्याचा नेमका त्याच दिवशी उपवास असावा, तशी माझी गत. पाहुणे ‘वा वा’ करीत आणि मी दारात उभा राहून त्यांच्या तोंडांकडे बघून गोड कमी झाले की आंबट, याचा अंदाज घेई.

आता या नावाविषयी. मला वाटे ‘पंच’ हा इंग्रजी शब्द. मे संपल्यावर आपल्या ग्रंथालयात इतिहासाच्या सरांनी एक टाचण दाखवले. ईस्ट इंडिया कंपनीचा जॉन फ्रायर नावाचा एक शल्यवैद्य शिवाजी महाराजांच्या काळात मुंबई-सुरतेला होता. जुन्नरलाही जाऊन आलेला. त्याचे प्रवासवर्णन १६९८ साली लंडनला छापले गेले. त्यात तो लिहितो, की गोव्याकडच्या दारूपासून इंग्रज लोक एक पेय करतात, त्याचे नाव इथल्या भाषेतल्या ‘पाच’ या आकड्यावरून आले, कारण त्यात पाच जिनसा पडतात. दारू, लिंबू, साखर, पाणी आणि मसाला, अशा त्या पाच सांगतात. सगळेच कोशकार हे मानतात असे नाही. काही जण पिंपाला असलेल्या एका जुन्या इंग्रजी शब्दाकडे बोट दाखवतात. पण बहुतेकांचा कौल ‘पाच’ला आहे. म्हणजे हा शब्द आपल्याकडून गलबतावर चढला, सगळे जग हिंडला आणि तीनशेहून अधिक वर्षांनी मुंबईच्या बाईंच्या तोंडून पवनेच्या काठी परत आला. आणि आमच्या घरी तर पाच जिनसांचे पेय सत्यनारायणाला होतेच : दूध, दही, तूप, मध, साखर. पंचामृत तळहातावर घेऊन प्यायचे आणि हात डोक्याला पुसायचा. पंचाच्या बाबतीत हा शेवटचा विधी करू नये.

सरांना एकदा विषय मिळाला की ते थांबत नाहीत, हे त्यांच्या वर्गातल्या सर्वांना ठाऊक आहे. त्यांनी कार्ल्याची गोष्ट काढली. कार्ल्याच्या चैत्यातल्या कित्येक खांबांवर दान देणाऱ्यांची नावे कोरली आहेत आणि त्यांत धेनुकाकटाचे यवन आहेत. त्याच सुमाराच्या एका ग्रीक खलाशाच्या पुस्तकात भडोचला उतरणाऱ्या मालाच्या यादीत वाइन आहे, त्यातही इटलीची पसंत. नेवासे आणि तेर येथील उत्खननांत दोन कानांच्या परदेशी रांजणांची खापरे सापडली आहेत. आता त्यांतला एखादा रांजण बोरघाट चढून आमच्या कामशेतवरून पुढे गेला होता की नाही, हे कोण सांगणार! पण त्या दिवसापासून मी बाटल्यांची खोकी उचलताना स्वतःला थोडा प्राचीन समजू लागलो.

आमच्या बंगल्यावर येणाऱ्या बाटल्या मात्र नाशिकच्या असत. द्राक्षे आपल्याकडची जुनीच. पण वाइनचे कारखाने तसे अलीकडचे. नारायणगावला १९८० च्या दशकात फ्रेंच पद्धतीची फेसाळ वाइन होऊ लागली आणि परदेशी गेली. नाशिकला त्यानंतर जोर आला. २००१ साली सरकारने द्राक्षांवरच्या या धंद्याला उत्तेजन देणारे धोरण आणले. पुढे २७ जानेवारी २०२२ रोजी मंत्रिमंडळाने मोठ्या किराणा दुकानांतून वाइन विकू देण्याचा निर्णय घेतला, तेव्हा सगळ्या महाराष्ट्रात एकच प्रश्न गाजला : वाइन ही दारू की नव्हे? आमच्या पारावरही गाजला. कोणी शेतकऱ्याच्या द्राक्षांचे काय म्हणे, कोणी पोरांच्या हाती बाटली जाईल म्हणे. आजी मंडळींच्या बोलण्यात सहसा पडत नाही. त्या दिवशी पडली. म्हणाली, “नाव बदललं म्हंजी नशा बदलती व्हय? इखाला आमृत म्हणा नि प्या मग.”

माझी आजी माळकरी आहे. देहू आम्हांला जवळ. तुकोबांच्या पालखीबरोबर तिने अठरा वाऱ्या केल्या आहेत. बंगल्यावरच्या कामाचे तिला मी पहिल्याच संध्याकाळी सांगितले होते. सांगावेच लागले असते. कपड्यांना वास येतो. ती वाकळ शिवत होती. सुई न थांबवता तिने विचारले, “तू पेतोस का?”

“न्हाय.”

“पेनार हायेस का?”

“न्हाय, आजे.”

“मग कर. फीचं पैसं झाडाला लागत न्हाईत. पन एक. त्या कामात माझ्या तुळशीला हात लावायचा न्हाई.”

मला त्या वेळी हे शेवटचे बोलणे विचित्र वाटले. वाइनचा आणि तुळशीचा काय संबंध? तो संबंध मे महिन्याच्या तिसऱ्या आठवड्यात आला. मोठे गिऱ्हाईक येणार होते, वीस माणसे. त्यांनी आधीच कळवले होते की पंचात ‘बेसिल’ची ताजी पाने हवीत. बंगल्याच्या व्यवस्थापकांनी मला बोलावले. “बेसिल म्हणजे तुळसच. पुण्याहून कशाला आणायची? तुमच्या दारात असेल की. उद्या येताना ओंजळभर घेऊन ये.”

मी म्हणालो, “तुळस मिळणार नाही.”

“का? दारात नाही?”

“आहे. पण मिळणार नाही.”

ते हसले. “कॉलेजात जातोस ना तू? शिकलेला ना?”

या प्रश्नाला काय उत्तर द्यायचे ते मला अजून ठरवता आलेले नाही. आमच्या घरात दहावीच्या पुढे गेलेला मी पहिला. वडिलांना सही येते, आईला तीही येत नाही. त्यामुळे ‘शिकलेला’ हा शब्द मी दोन्हीकडून ऐकतो. घरी कोणाचा कागद वाचून दाखवायचा असला म्हणजे “शिकलेला हाय ना तू?” आणि बाहेर कोणाला आमची एखादी गोष्ट खुळी वाटली म्हणजे “शिकलेला ना तू?” मी काहीच न बोलता उभा राहिलो. मामांनी आतून हाक मारली म्हणून सुटलो.

माझा धाकटा चुलता, आम्ही त्याला अप्पा म्हणत असू, मी सातवीत असताना गेला. तो हातभट्टीची पीत असे. काळा गूळ आणि नवसागर घालून आंबवायचे, खाली जाळ करायचा आणि वाफ थंड करून धरायची, ही भट्टी ओढ्याच्या वरच्या अंगाला होती, आणि ती कोणाची हे सगळ्या वाडीला माहीत होते. अप्पा भात लावायला उभा राहिला की चार गड्यांना ऐकत नसे; त्याची लावणी दोरी धरल्यासारखी सरळ. मला खांद्यावर घेऊन त्याने ओढा पार केला आहे, मामाच्या गावाला जाताना. शेवटी त्याचे डोळे हळदीसारखे पिवळे झाले, पोट फुगले, आणि शहरातल्या एका दवाखान्याने घरी न्यायला सांगितले. घरी आणला त्या रात्री आजीने वृंदावनातले पान खुडून त्याच्या ओठांवर ठेवले. रात्री तुळस खुडत नाहीत. तिने खुडली. पान ठेवायला तोंड उघडले तर त्यातून त्याच दारूचा वास आला. दोन महिने त्याने थेंब घेतला नव्हता, तरी मला तो आला. कदाचित मला वाटला असेल. आजीने दुसरे पान ठेवले.

तेराव्यानंतर आजी आणि वाडीतल्या बाया गेल्या आणि त्यांनी ती भट्टी फोडली. मडकी फुटताना आम्ही पोरे लांबून बघत होतो. भट्टी पुढे दोनदा पुन्हा लागली, दोनदा फुटली. दुकान परवान्याचे असेल तर गावातल्या निम्म्याहून अधिक स्त्री-मतदारांनी आडव्या बाटलीवर शिक्का मारून ते बंद करता येते, असा नियम आपल्या राज्यात आहे. हातभट्टीला परवानाच नसल्याने आडवी बाटलीही नाही. तिला दगडच लागतो.

तर तुळशीचा आणि त्या कामाचा संबंध असा होता, आणि तो व्यवस्थापकांना उभ्याउभ्या सांगण्यासारखा नव्हता.

पण गिऱ्हाईक तर येणार होते. मी संध्याकाळी सुटलो आणि रस्त्याकडेच्या एका रोपवाटिकेत गेलो. तिथल्या माणसाने माझे ऐकून घेतले आणि एक रोप पुढे केले : सब्जा. फालुद्यात जे काळे, भिजून फुगणारे बी असते ते याचे. तो म्हणाला, परदेशी लोक ज्याला बेसिल म्हणतात ते हेच; आपली पूजेची तुळस ही त्याची बहीण, पण झाड निराळे. मी पान चोळून वास घेतला. तुळशीसारखा, पण तिच्याइतका उग्र नाही. थोडी बडीशेप, थोडी लवंग. तीस रुपयांची दोन रोपे घेतली आणि दुसऱ्या दिवशी बंगल्यावर नेली. पाने चिरली नाहीत, हाताने फाडली. आंब्याच्या फोडींबरोबर त्या वासाचे इतके जुळले की मामा चव घेऊन नुसते माझ्याकडे बघत राहिले. पाहुण्यांतल्या एकाने हाक मारून विचारले, हे खरे बेसिल तुम्हांला इथे मिळाले कुठे? त्याने पाचशेची नोट दिली. व्यवस्थापक शेजारीच होते, ते म्हणाले, “आमचा मुलगा हुशार आहे, कॉलेजात जातो.”

त्या रात्रीचा एक पाहुणा बराच प्याला. पंचात हा धोका असतो. वाइनमध्ये मद्यार्क साधारण बारा-तेरा टक्के. यीस्ट द्राक्षातली साखर खाऊन मद्यार्क करते आणि तो पंधरा-सोळा टक्क्यांच्या घरात गेला की स्वतःच त्यात मरते, म्हणून नुसत्या आंबवण्याने त्याहून फार वर जाता येत नाही. वर जायचे तर भट्टी लागते. आमच्या पंचात रस आणि सोडा पडून तो पाच-साडेपाच टक्क्यांवर येई, म्हणजे पुन्हा पाचच. पण गोड आणि गार असल्याने माणूस सरबतासारखे ग्लासावर ग्लास घेतो. तो पाहुणा हिरवळीवर आडवा झाला. मी आणि मामांनी त्याला उचलून खोलीत नेले, बूट काढले, उशाशी पाण्याची बाटली ठेवली. सकाळी उठून त्याने लिंबूसरबत मागितले आणि गाडीत मागच्या सीटवर बसून गेला.

अप्पा रस्त्यावर पडला की त्याला उचलायला आजी जात असे. मला हा फरक सांगितल्याशिवाय राहवत नाही. रसायनशास्त्राच्या दृष्टीने दोन्हीकडे पदार्थ एकच. तरी वाइन आणि हातभट्टी एकच असे मी म्हणणार नाही. हातभट्टीत काय मिसळले आहे ते पिणाऱ्याला कळत नाही, आणि २०१५ साली मुंबईत मालवणीला विषारी दारूने शंभराहून अधिक माणसे मेली, तशी वाइनने मेल्याचे मी ऐकलेले नाही. पण किराणा दुकानाच्या वादात दोन्ही बाजूंचे जे लोक बोलत होते, त्यांपैकी एकानेही पडलेल्याला उचलणारा कोण आहे, हे विचारलेले मला आठवत नाही. आजीच्या विखाच्या वाक्याला उत्तर नाही आणि द्राक्षवाल्याच्या कर्जालाही नाही. असो.

एक गंमत मात्र सांगायची राहिली. आजीला जेवणानंतर पोटात गुबारा धरतो. त्यासाठी कामशेतच्या दुकानातून द्राक्षासवाची बाटली येते. दोन चमचे औषध, दोन चमचे पाणी. गेल्या वर्षी मी सहज लेबल वाचले. द्राक्षे, गूळ, धायटीची फुले आणि खाली बारीक अक्षरांत स्वयंजनित मद्यार्काचे प्रमाण. ते प्रमाण आमच्या पंचाहून फारसे निराळे नव्हते! मी बाटली होती तशी फळीवर ठेवून दिली. आमच्या घरात वाचता येणारा मी एकटा आहे. काय वाचून दाखवायचे आणि काय नाही, एवढा अधिकार मला असावा.

या उन्हाळ्यात वाडीचा सप्ताह वैशाखाच्या उतरणीला बसला. काल्याच्या दिवशी दोनशे माणसांसाठी सरबत करायचे काम पंचमंडळींनी माझ्याकडे दिले. (हे मात्र ग्रामपंचायतीतलेच पंच.) दुधाच्या दोन किटल्या घासून घेतल्या. करवंदांचा रस, थोडा जांभळाचा गर, कोकणातून आलेले आगळ, गूळ, लिंबू, गवती चहाचे पाणी आणि माठातले पाणी. आगळात मीठ असतेच, म्हणून वरून घातले नाही. फक्त एक गोष्ट बंगल्यावरच्यासारखी होईना. वाइन फळांच्या वासाला ओढून वर आणते. नुसत्या पाण्याला ते जमत नाही. मग मी गूळ गरम असतानाच त्यात आल्याचा रस आणि चिमूटभर मिरपूड घातली. घशाशी किंचित चटका हवा होता, तो आला. अठ्ठावीस एप्रिलपासून चुन्याच्या निवळीसारखे ऊन पडत होते. मृदंगवाले दोन-दोन ग्लास प्याले. कीर्तनकार महाराजांनी विचारले, “काय काय घातलंय रे?” मी जिनसा मोजून दाखवल्या. नऊ निघाल्या, पाच नव्हे.

आजीने ग्लास नाकाशी नेला, बराच वेळ वास घेतला आणि माझ्याकडे बघितले.

“ह्यात काय न्हाई ना?”

“न्हाई, आजे.”

“मग गळ्याशी जळतंय काय?”

“मिरं.”

तिने ग्लास संपवला. बंगल्यावरून या वर्षीही बोलावणे आले होते आणि मी गेलो होतो. पुढच्या वर्षीही, परीक्षा आटोपली की जाईन. तिसऱ्या वर्षाची फी आहे. सब्ज्याची रोपे आता विकत आणावी लागत नाहीत. ती मी आमच्या परड्यात लावली आहेत, वृंदावनापासून लांब, गोठ्याच्या पलीकडे. सकाळी तुळशीला पाणी घालून झाले की उरलेला तांब्या आजी तिकडे नेऊन ओतते.

— द्वितीय वर्ष कला